ब्लॅकमॅजिक पॉकेट ६के प्रो: चार तऱ्हेची कामं करणाऱ्या छायालेखकाच्या कसोटीवर

स्वतंत्र सिनेमातल्या छायालेखकाला एकाच कॅमेऱ्यावर चार तऱ्हेची कामं निभावावी लागतात. लघुपट संपला की माहितीपट, मधे एखादा म्युझिक व्हिडिओ, आणि घर चालावं म्हणून एखाद्या कंपनीची फिल्म. सोबत फार तर एक असिस्टंट. त्यामुळे कॅमेरा निवडताना ‘चित्र कसं येतं?’ एवढं विचारून भागत नाही. वीज कुठून घ्यायची, डेटा कुठे ठेवायचा, फोकस कोण ओढणार, हेही आधीच ठरवावं लागतं. ब्लॅकमॅजिकचा पॉकेट सिनेमा कॅमेरा ६के प्रो या कसोटीला लावला तर निकाल सरळ आहे: चित्रासाठी तो क्वचितच अडतो, पण चित्राबाहेरच्या जवळजवळ प्रत्येक गोष्टीत त्याला सांभाळून घ्यावं लागतं. हे सांभाळणं ज्याला जमेल त्यानेच तो घ्यावा.

फेब्रुवारी २०२१ मध्ये हा कॅमेरा आला. त्याआधी २०१८ मध्ये पॉकेट ४के आणि २०१९ मध्ये साधा ६के येऊन गेले होते. नंतर २०२२ मध्ये ६के जी२ आला आणि २०२३ मध्ये फुल फ्रेमचा सिनेमा कॅमेरा ६के. म्हणजे प्रो आज नवा नाही आणि सेकंडहँड सहज मिळतो. तरीही तो अजून मागे पडलेला नाही, याचं मुख्य कारण म्हणजे पॉकेट मालिकेत अंगातच एनडी फिल्टर (उजेड कमी करणारी राखाडी काच) असलेला हा एकटाच.

एनडी आणि ऊन

मागच्या दोन बटणांनी एनडी बदलतो: २, ४ आणि ६ स्टॉप (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा किंवा दुप्पट). फिल्टर मोटरने सरकतात आणि इन्फ्रारेडही अडवतात, त्यामुळे काळे कपडे तपकिरी दिसण्याचा स्वस्त एनडीचा रोग इथे बराच आटोक्यात राहतो. मॅट बॉक्स (लेन्सपुढची फिल्टरची चौकट) काढा, फिल्टर पुसा, परत लावा, यात जाणारा वेळ वाचतो. माहितीपटात खोलीतून अंगणात जाणाऱ्या माणसाच्या मागे जायचं असेल तर हा वेळ म्हणजेच शॉट.

पण सहा स्टॉप म्हणजे सगळं काही नव्हे. गणित मांडून पाहा. कडक उन्हात आयएसओ (उजेडाची संवेदनशीलता) ४०० ला एफ/१६ (लेन्सच्या छिद्राचं माप; आकडा मोठा तितकं छिद्र लहान) आणि शटर १/४०० असं साधारण एक्स्पोजर येतं. सिनेमासाठी शटर १/५० च्या आसपास ठेवलं की तीन स्टॉप उजेड वाढला, म्हणजे एफ/४५. त्यातून सहा स्टॉप काढले की आपण एफ/५.६ वर येतो. पार्श्वभूमी विरघळवायला एफ/२.८ हवा असेल तर अजून दोन स्टॉप कमी पडतात. इथे बरेच जण आयएसओ १०० करतात आणि काम झालं असं समजतात. प्रत्यक्षात सेन्सरवर दोन स्टॉप जास्त उजेड पडतो आणि हायलाइटची, म्हणजे चित्रातल्या सर्वात उजळ भागांची, तेवढीच जागा जाते. आकाश आणि पांढरे शर्ट फुटतात, म्हणजे तपशील जाऊन कोरे पांढरे होतात, आणि फुटलेलं ग्रेडिंगमध्ये (नंतरच्या रंगकामात) परत येत नाही. योग्य उपाय म्हणजे लेन्सपुढे ०.६ चा एक चांगला एनडी किंवा पोलरायझर, जो दीड ते दोन स्टॉप खातोच. व्हेरिएबल एनडी (फिरवून कमी-जास्त होणारा) मात्र या कॅमेऱ्यापुढे लावण्यात अर्थ नाही. तो नको म्हणून तर प्रो घ्यायचा.

आयएसओची खरी मेख

सेन्सर सुपर ३५ मापाचा आहे, २३.१० × १२.९९ मिमी, ६१४४ × ३४५६ पिक्सेल. डायनॅमिक रेंज (गडद ते उजळ एकत्र पकडण्याची क्षमता) १३ स्टॉप असल्याचं कंपनी सांगते. नेटिव्ह आयएसओ (सेन्सरचे मूळ आकडे) दोन: ४०० आणि ३२००. १०० ते १००० पर्यंत पहिलं सर्किट काम करतं, १२५० पासून २५,६०० पर्यंत दुसरं. ब्लॅकमॅजिक रॉ (कंपनीचा कच्च्या चित्राचा फाइल प्रकार) मध्ये एका पट्ट्यातला आयएसओ नंतर संगणकावर बदलता येतो, पण एका पट्ट्यातून दुसऱ्यात उडी मारता येत नाही. आयएसओ ८०० ला घेतलेला शॉट नंतर ३२०० चा होत नाही.

यातून निघणारा सर्वात महागडा घोटाळा १००० आणि १२५० या दोन आकड्यांमध्ये दडलेला आहे. एका पट्ट्यात आयएसओ जसा वर जातो तशी मधल्या राखाडीच्या वरची, म्हणजे हायलाइटची जागा वाढते आणि सावल्यांत नॉइज (दाणेदारपणा) वाढतो. म्हणजे १००० वर हायलाइटला भरपूर जागा असते. तिथून एकच पायरी चढून १२५० केलं की दुसरं सर्किट सुरू होतं, आणि त्या पट्ट्यातली सर्वात कमी हायलाइटची जागा पदरात पडते. फरक दोन स्टॉपहून जास्त आहे. फ्रेममध्ये उघडा बल्ब, दिवे किंवा खिडकी असेल तर याचे परिणाम लगेच दिसतात. म्हणून नियम सोपा ठेवावा: १००० पर्यंत भागत असेल तर तिथेच थांबा, नसेल तर थेट ३२०० वर जा आणि लेन्स थोडी बंद करा. १२५० आणि १६०० फक्त सपाट, दिवे नसलेल्या दृश्यांसाठी. ६४०० वरही चित्र वापरता येतं, पण तिथे सावल्यांतला नॉइज काढायला वेळ धरून ठेवावा.

एक्स्पोजर मोजायला फॉल्स कलर (उजेडाप्रमाणे चित्र ठरावीक रंगांत दाखवणारी सोय) उत्तम आहे. हिरवा म्हणजे मधली राखाडी, गुलाबी म्हणजे तिच्यावर एक स्टॉप, पिवळा म्हणजे फुटायच्या बेतात, लाल म्हणजे फुटलं, जांभळा म्हणजे काळ्यात बुडालं. मॅन्युअल गुलाबी रंगाची सांगड गोऱ्या त्वचेशी घालतं. सावळा किंवा काळा चेहरा गुलाबीवर आणून ठेवला तर तो धुतल्यासारखा दिसतो आणि नंतर खाली ओढताना त्वचेचा रंग मळकट होतो. अशा चेहऱ्याची उजेडाकडची बाजू हिरव्यावर किंवा त्याच्या थोडी खाली ठेवा, आणि कपाळावरच्या चमकेपुरताच गुलाबी येऊ द्या.

दिव्यांचा फ्लिकर (लुकलुकणं) हा आणखी एक नेहमीचा त्रास. सेकंदाला २४ फ्रेम आणि १८० अंशांचं शटर म्हणजे १/४८ सेकंद. ५० हर्ट्झच्या विजेवर हे जुळत नाही आणि ट्यूबलाइट किंवा स्वस्त एलईडीखाली पट्टे सरकताना दिसतात. शटर १७२.८ अंश केलं की बरोबर १/५० मिळतो. ६० हर्ट्झला १४४ अंश. मेन्यूमध्ये विजेची फ्रिक्वेन्सी नीट निवडली तर कॅमेरा स्वतःच फ्लिकर न येणारे आकडे सुचवतो, पण अनोळखी एलईडीवर विश्वास ठेवू नये. दहा सेकंद रेकॉर्ड करून मोठ्या पडद्यावर पाहावं.

डेटा

फुल ६के, २४ फ्रेमला ब्लॅकमॅजिक रॉ ५:१ (म्हणजे पाचपट दाबलेलं) साधारण १५५ एमबी दर सेकंदाला लिहितो, ८:१ साधारण ९७ आणि १२:१ साधारण ६५. १ टीबीच्या एसएसडीवर ५:१ मध्ये पावणेदोन तास, ८:१ मध्ये पावणेतीन तासांच्या वर आणि १२:१ मध्ये सव्वाचार तास बसतात. दिवसाला दोन तास फुटेज धरलं तर ८:१ ला ७०० जीबी. वीस दिवसांच्या छोट्या चित्रपटाला एक प्रत १४ टीबी, दोन प्रती २८ टीबी, आणि दोन प्रतींशिवाय कार्ड फॉरमॅट करायचं नाही. हा खर्च निर्मात्याला पहिल्याच बैठकीत सांगून टाकावा. कॅमेऱ्याचं भाडं ठरल्यावर हार्ड डिस्कचा विषय काढला की छायालेखकाच्याच मानधनातून काहीतरी कापलं जातं.

कथापटाला ८:१ पुरेसा आहे. क्रोमा (हिरव्या पडद्यासमोरच्या) आणि व्हीएफएक्सच्या शॉटना ५:१. माहितीपटाला क्यू५ (कॉन्स्टंट क्वालिटी, म्हणजे ठरावीक दर्जा राखणारा प्रकार) चांगला, कारण तो दृश्य साधं असेल तेव्हा जागा वाचवतो. मात्र क्यू० ते क्यू५ या कॉन्स्टंट क्वालिटीत डेटाचा दर दृश्याप्रमाणे हलतो. पाऊस, झाडांची पानं, पाण्याची लाट, वरच्या आयएसओचा नॉइज आला की तो एकदम चढतो आणि मंद कार्ड फ्रेम गाळतं. फ्रेम गळाली तर रेकॉर्डिंग थांबवावं की फक्त इशारा द्यावा, हे मेन्यूत ठरवता येतं. कथापटात थांबवणं बरं. परत टेक घेता येतो. माहितीपटात फक्त इशारा ठेवावा, कारण एक गळालेली फ्रेम सावरता येते, हातातून गेलेला क्षण येत नाही.

सीफास्ट २.० आणि यूएचएस-२ एसडी असे दोन स्लॉट अंगात आहेत, पण बहुतेक जण यूएसबी-सी वर बाहेरचा एसएसडी लावतात, कारण जीबीमागे तो स्वस्त पडतो. आणि याच जागी हा कॅमेरा सर्वाधिक दगा देतो. यूएसबी-सी ची पिन हलकीशी जरी हलली तरी रेकॉर्डिंग तुटतं. केजला (कॅमेऱ्याभोवतीच्या धातूच्या चौकटीला) लागणारा केबल क्लॅम्प हा ऐच्छिक भाग समजू नका. केबल आखूड घ्या, एसएसडी केजवर घट्ट बसवा आणि वायर मोकळी लोंबू देऊ नका. ड्राइव्ह एचएफएस प्लसमध्ये फॉरमॅट केला तर जर्नलिंगमुळे (लिहिण्याची नोंद ठेवण्याच्या सोयीमुळे) अचानक तुटल्यावर फाइल वाचण्याची शक्यता वाढते. एक्सफॅट मॅक आणि विंडोज दोन्ही संगणकांवर चालतो, पण अशा वेळी तो कच्चा पडतो. हँडहेल्ड आणि धावपळीचं काम असेल तर एसएसडी विसरून सीफास्टवर शूट करा.

वीज

अंगातली बॅटरी एनपी-एफ५७०. जेमतेम तासभर. कॅमेरा पाव शतकापूर्वीच्या हँडीकॅमच्या बॅटरीवर जगतो हे हास्यास्पद वाटतं, पण ती बॅटरी कुठेही मिळते हेही खरं. जाड एनपी-एफ९७० आत बसत नाही. खालच्या ग्रिपमध्ये दोन एफ५७० बसतात; जिंबलवर (कॅमेरा स्थिर ठेवणाऱ्या हातातल्या यंत्रावर) मात्र तो ग्रिप वजन आणि उंची वाढवतो.

कामाची व्यवस्था एकच: व्ही-माउंट (बाहेरून जोडायची मोठी) बॅटरी, तिच्यापासून डी-टॅप ते टू-पिन केबल. टू-पिन कनेक्टर फिरवून लॉक होतो, त्यामुळे तो यूएसबीसारखा निसटत नाही. तासाला पंचवीस वॉट-तासांच्या आसपास खप धरला तर ९८ वॉट-तासांची व्ही-माउंट चारेक तास ओढते, आणि १०० च्या आत असल्यामुळे विमानातही नेता येते. वरून मॉनिटर आणि वायरलेस व्हिडिओ त्याच बॅटरीवर चालवले तर निम्मा वेळ धरा. आतली एफ५७० काढून ठेवू नका. व्ही-माउंट बदलताना कॅमेरा एफ५७० वर चालू राहतो. यूएसबी-सी वरूनही वीज घेता येते, पण ते एकच पोर्ट एसएसडीने अडवलेलं असतं.

खालच्या बाजूला हवेच्या जाळ्या आहेत. रुंद क्विक रिलीज प्लेटने त्या झाकल्या की पंखा ओरडायला लागतो आणि तो आवाज जवळच्या माइकमध्ये शिरतो.

फोकस आणि हालचाल

सतत चालणारा ऑटोफोकस नाही. बटण दाबल्यावर एकदा फोकस होतो आणि थांबतो, बस. फोकस पुलर (शॉट चालू असताना फोकस फिरवणारा सहायक) असेल तर ही उणीव जाणवतही नाही. एकटा माणूस जिंबलवर असेल तर एफ/५.६, १८ मिमी आणि ठरलेलं अंतर, नाहीतर मऊ शॉट. प्रोच्याच महिन्यात, फेब्रुवारी २०२१ मध्येच, आलेला सोनीचा एफएक्स३ इथे थेट पुढे जातो: ऑटोफोकस, बॉडीतलं स्टॅबिलायझेशन, एस-लॉग३ (सोनीची ग्रेडिंगसाठीची सपाट चित्रपद्धत) मध्ये १२,८०० चा वरचा बेस आयएसओ, आणि २४ फ्रेमला फक्त ३० एमबी दर सेकंदाचा ४के कोडेक. त्याच्यात एनडी नाही आणि अंतर्गत रॉ नाही. धावत्या माहितीपटावर आणि समारंभांवर ज्याचं पोट आहे त्याने वाद न घालता एफएक्स३ घ्यावा.

प्रो मध्ये बॉडी स्टॅबिलायझेशन नाही. २०२२ पासून कॅमेरा गायरोची (हालचाल मोजणाऱ्या सेन्सरची) माहिती फाइलमध्ये लिहितो आणि ब्लॅकमॅजिकचंच एडिटिंग सॉफ्टवेअर डाविंची रिझॉल्व्ह त्यावरून शॉट स्थिर करतो. हे चालतं, पण अटी पाळून. लेन्समधलं आयएस (स्थिरीकरण) बंद हवं, नाहीतर दोघं एकमेकांच्या विरुद्ध ओढतात. शटर ९० अंश किंवा त्याहून कमी ठेवावं, कारण चित्र स्थिर झालं तरी धक्क्याचा ब्लर तसाच राहतो आणि फार विचित्र दिसतो. हाताने चालणाऱ्या जुन्या लेन्सची फोकल लेंग्थ स्वतः भरावी. आणि फ्रेम सैल धरावी. ६१४४ रुंदीतून ३८४० काढायची असेल तर १.६ पट जागा आहे, ती इथे कामी येते.

सेन्सरचं रीडआउट (ओळीओळीने चित्र वाचणं) मंद आहे. जोरात पॅन केला की खांब तिरके होतात, कॅमेऱ्याचा फ्लॅश अर्ध्या फ्रेममध्येच दिसतो. नृत्य आणि मारामारीच्या दृश्यात पॅनची गती तालमीतच ठरवून घ्या.

स्लो मोशनचा एक सापळा म्युझिक व्हिडिओवाल्यांसाठी. पूर्ण ६के ५० फ्रेमपर्यंत, २.४:१ चौकट ६० पर्यंत. १२० फ्रेम हवेत तर २.८के वर उतरावं लागतं आणि तिथे सेन्सरचा फक्त मधला तुकडा वापरला जातो. क्रॉप २.१४ पट. १८ मिमी लेन्स तिथे ३८ मिमीसारखी दिसते, नॉइजचे दाणे मोठे होतात, चित्र मऊ पडतं. छोट्या खोलीत १२० फ्रेमचा वाइड शॉट मागणाऱ्या दिग्दर्शकाला हे शूटच्या आधी दाखवून द्या.

लेन्स

कॅननचं ईएफ माउंट (लेन्स बसवायची रचना). फुल फ्रेमच्या तुलनेत क्रॉप १.५६. सिग्मा १८-३५ एफ/१.८ या सेन्सरवर पूर्ण बसते, फोकस रिंग यांत्रिक आहे आणि बऱ्याच लघुपटांचं काम त्या एकाच लेन्सवर निघतं. फोकस रिंगचा फेरा मात्र आखूड, त्यामुळे फॉलो फोकसवर खुणा बारीक कराव्या लागतात. ईएफची फ्लँज (माउंटपासून सेन्सरपर्यंतचं अंतर) ४४ मिमी आहे. निकॉन एफची ४६.५ आणि एम४२ ची ४५.४६, म्हणून या जुन्या लेन्स साध्या धातूच्या रिंगने बसतात आणि अनंतापर्यंत फोकस होतात. स्वस्त रिंग एका केसाने जाड निघाली तर अनंत गायब होतो, तेवढं दूरच्या दिव्यावर तपासावं. सोनी ई सारख्या माउंटवर मिळणारी फोकल रिड्यूसरची (चौकट रुंद आणि उजेड जास्त करणाऱ्या भिंगाची) सोय इथे नाही.

सेन्सरपुढे ऑप्टिकल लो-पास फिल्टर (अतिबारीक तपशील किंचित मऊ करणारी काच) नाही. त्यामुळे चित्र धारदार दिसतं आणि त्याचमुळे बारीक चौकडीचा शर्ट, दूरची विटांची भिंत, जाळीचा पडदा यांवर मॉयरे (लहरींसारखे खोटे पट्टे) नाचतं. कपडेपटाशी आधी बोला. सेटवर सापडलं तर कॅमेरा अर्धा पाऊल पुढे-मागे करा किंवा भिंतीवरचा फोकस किंचित सोडा. १/८ डिफ्यूजन (चित्र मऊ करणाऱ्या) फिल्टरने थोडं कमी होतं, जात नाही. बाहेरच्या कंपन्यांचे लो-पास फिल्टर मिळतात. फॅशन आणि वास्तुकलेची कामं असतील तर तो खर्च योग्य आहे.

आवाजाबद्दल थोडक्यात: दोन मिनी एक्सएलआर माइक इनपुट, ४८ व्होल्ट फँटमसह (माइकला लागणाऱ्या विजेसह). मुलाखतीला पुरे. टाइमकोड (आवाज आणि चित्र जुळवायची वेळेची खूण) ३.५ मिमीच्या ऑडिओ इनपुटमधून घेता येतो. एसडीआय (लॉक होणारं व्यावसायिक व्हिडिओ आउटपुट) नाही, फक्त पूर्ण मापाचं एचडीएमआय, आणि त्यालाही क्लॅम्प हवा.

कुठलं काम, कुठला निकाल

लघुपट आणि कमी बजेटचा कथापट: निःसंकोच घ्या. त्वचेचा रंग, हायलाइटचा उतार आणि ग्रेडिंगला मिळणारी मोकळीक यांत तो त्याच्या वर्गात फार पुढे आहे. संथ, बसून पाहणारा माहितीपट: चालेल, एनडीमुळे तर नक्कीच. एकट्याने धावत करायचा माहितीपट: नको. कंपनीच्या फिल्म: चित्र गरजेपेक्षा चांगलं, डेटा गरजेपेक्षा जास्त, १२:१ किंवा थेट प्रोरेस (संपादनाला सोपा फाइल प्रकार) ४के वापरा. प्रॉक्सी (संपादनासाठीची हलकी प्रत) कॅमेऱ्यात बनत नाही, ती संगणकावर करावी लागते, आणि त्याच रात्री कट मागणाऱ्या क्लायंटसाठी ही खरी अडचण आहे. मोठ्या ओटीटीच्या कामाकडे डोळा असेल तर आणखी एक गोष्ट: नेटफ्लिक्सच्या मंजूर कॅमेऱ्यांच्या यादीत एफएक्स३ आहे, हा नाही. अशा कामाला कॅमेरा भाड्यानेच येतो, त्यामुळे स्वतःचा कॅमेरा निवडताना ही यादी फार मनावर घेण्याचं कारण नाही.

सेकंडहँड घेताना या गोष्टी तपासा. एसएसडीवर रेकॉर्डिंग चालू ठेवून यूएसबी-सी ची केबल हलकेच हलवा. एनडीच्या तिन्ही पायऱ्या आणि मोकळी जागा दोन-चारदा फिरवा. पांढऱ्या भिंतीवर एफ/१६ ला धूळ किंवा कडेला सावली दिसते का पाहा. स्क्रीनची बिजागरी वर-खाली करताना चित्र लुकलुकतं का, माउंटमध्ये लेन्स डुलते का, तेही बघा. लेन्सकॅप लावून ३२०० ला काही सेकंद रेकॉर्ड करा. चमकणारे ठिपके दिसले तर मेन्यूतलं पिक्सेल रीमॅपिंग चालवा, ते बहुधा जातात. नव्या कॅमेऱ्यासोबत डाविंची रिझॉल्व्ह स्टुडिओचा परवाना येतो; जुना घेताना तो परवाना विक्रेत्याकडे शिल्लक आहे की त्याने स्वतःच वापरून टाकलाय, हे पैसे देण्याआधी विचारून घ्या आणि किंमत त्याप्रमाणे ठरवा.